नांगराच्या पलीकडची जमीन

इ. स. १८३५-३६च्या सुमारास मुलकी खात्यातले गोल्डस्मिड आणि मुंबई इंजिनिअर पलटणीतले लेफ्टनंट विंगेट हे दोन तरुण इंग्रज अधिकारी पुणे जिल्ह्यातील इंदापूर तालुक्यात जमिनीची नव्याने पाहणी करण्यासाठी उतरले, तेव्हा त्यांच्या पुढ्यात एका फसलेल्या बंदोबस्ताचा पसारा पडलेला होता. त्यांच्या अगोदर प्रिंगल नावाच्या अधिकाऱ्याने निव्वळ उत्पन्नाचा सूक्ष्म हिशेब मांडून केलेली आकारणी कागदावर जितकी निर्दोष तितकीच रयतेला असह्य ठरली होती, आणि शेते टाकून कुणबी परागंदा झाल्यामुळे सरकारची वसुलीही बुडाली होती. विंगेट-गोल्डस्मिड जोडीने हिशेबाचा तो डोलारा बाजूला सारला आणि पाहणीचे काम मातीपर्यंत खाली आणले. प्रतबंदी करणारा कारकून शेताचे भाग पाडी, भागाभागात माती उकरून तिची खोली हाताच्या मापाने मोजी, रंग व पोत पाही, आणि मग दोष हुडकू लागे: चुनखडीचे खडे मिसळले आहेत काय, वाळू आहे काय, उतार आहे काय, ओहोळाचे पाणी वरून वाहते काय, की पाणी साचून राहते. पावणेदोन हात खोल, एकजिनसी काळ्या मातीला सोळा आणे, आणि खोली उतरेल किंवा दोष वाढतील तसतशी एकेक प्रत खाली, अशा नऊ प्रती ठरल्या. १८४७च्या संयुक्त अहवालाने हा प्रघात मुंबई इलाख्यात कायम केला, पुढे तो वऱ्हाडातही गेला, आणि सातबाऱ्यावर आजही दिसणाऱ्या ‘आकारा’ची मुळे त्याच पाहणीत आहेत.

सारा वसूल करण्याच्या हेतूने का होईना, पण जमिनीला तिच्याच अंगच्या गुणांवरून ओळखण्याचा एवढा पद्धतशीर उद्योग आपल्याकडे त्यापूर्वी झालेला दिसत नाही. मात्र हा कारकून नांगराची हद्द संपली की मागे फिरे. पलीकडे माळ होता, डोंगर होता, झुडुपांचे रान होते, ओढ्याकाठची दाटी होती. त्यातून आकार येण्याजोगा नव्हता, म्हणून तेथे माती उकरण्याचे कारणही नव्हते. ती सारी जमीन गायरान, पडीक, खराबा, कुरण, जंगल अशा मोजक्या रकान्यांत पडली. शेताच्या दोन गुंठ्यांतला भेद टिपणाऱ्या दप्तराने शेकडो चौरस मैलांचा निसर्ग एकेका शब्दात आटोपला, आणि जंगलजमिनीच्या व्यवस्थेत आज आपल्याला ज्या अडचणी पडतात त्यांतल्या पुष्कळशा या एका कसुरीपासून निघालेल्या आहेत, असे माझे मत आहे.

वनखात्याची उभारणी याच काळातली. १८४७ साली डॉ. अलेक्झांडर गिब्सन यांची मुंबई इलाख्याचे वनसंरक्षक म्हणून नेमणूक झाली. १८६५ आणि १८७८च्या कायद्यांनी सरकारला वने ठरविण्याचा अधिकार दिला. हद्दीचे दगड बसले, नकाशे निघाले, परंतु एखादी जमीन ‘वन’ कशावरून, याचे उत्तर कायद्याने दिले नाही. १९२७च्या भारतीय वन अधिनियमातही वनाची व्याख्या नाही. सरकारने जाहीर केले की ते वन. गावाची चराऊ जमीन आणि मोकळे डोंगर या जाहीरनाम्यांत कसे ओढले गेले, याची तक्रार जोतीराव फुले यांनी १८८३ साली ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये मांडली आहे. ती तक्रार शेतकऱ्याच्या गुराढोरांच्या बाजूने होती. पण आज वनस्पतिशास्त्र शिकलेला मनुष्य ती वाचील तर त्याला तीत आणखी एक वस्तुस्थिती दिसेल, ती ही की गवताची जमीन आणि झाडांची जमीन एकाच दगडी हद्दीत कोंबली जात होती.

वनांचे शास्त्रोक्त वर्गीकरण व्हायला पुढे अर्धशतक लागले. डेहराडूनच्या वनसंशोधन संस्थेत वनसंवर्धनतज्ज्ञ म्हणून काम करणारे हॅरी जॉर्ज चॅम्पियन यांनी १९३६ साली हिंदुस्थान व ब्रह्मदेशातील वनप्रकारांची प्राथमिक पाहणी प्रसिद्ध केली. पुढे ते ऑक्सफर्डला प्राध्यापक झाले, आणि १९६८ साली एस. के. सेठ यांच्यासह त्यांनी काढलेली सुधारित आवृत्ती आजतागायत भारतीय वनाधिकाऱ्याच्या मेजावर आहे. पर्जन्य, तपमान आणि त्यांच्या अनुरोधाने वाढणारे वृक्ष यांच्या आधारे सोळा मुख्य गट, आणि त्यांच्या पोटात दोनशेहून अधिक प्रकार, अशी तिची रचना आहे. ती हाती घेऊन कोणी आंबोलीच्या घाटमाथ्यावरून पूर्वेला निघाला तर महाराष्ट्राचा पाऊस त्याला वृक्षांच्या लिपीत वाचता येतो: सदाहरित, निमसदाहरित, महाबळेश्वरास बुटकी डोंगरी राने, घाट उतरताच पानझड, नगर-सोलापुराकडे काटेरी वन, आणि तेथून पुढे मेळघाटात व चांद्याकडे पुन्हा चढत जाणारा साग. उपखंडाएवढ्या प्रदेशाचे, उपग्रह नसताना, काही माणसांच्या पायपिटीवर आणि जुन्या कार्य आयोजनांच्या बाडांवर रचलेले हे काम आहे, आणि त्यातील उणिवा दाखविताना एवढे तरी ध्यानात ठेवलेच पाहिजे.

उणीव दडली आहे ती त्यातल्या संकेताक्षरांत. मेळघाटच्या शुष्क सागवनाला या ग्रंथात ‘५ए-सी१बी’ म्हणतात: पाच म्हणजे उष्णकटिबंधीय शुष्क पानझडी गट, ए म्हणजे दक्षिणेकडचा, आणि सी म्हणजे त्या हवामानात निसर्ग ज्या परिपूर्ण अवस्थेला पोहोचतो ती चरमावस्था. मातीच्या वैशिष्ट्यामुळे वेगळ्या झालेल्या वनांना ई हे अक्षर आहे. आणि डीएस असे एक जोडाक्षर आहे, त्याचा अर्थ अवनत अवस्था. शुष्क पानझडी गटातले झुडुपी रान हे ‘५-डीएस१’, त्याच गटातला झाडे विखुरलेला गवताळ प्रदेश ‘५-डीएस२’, आणि काटेरी गटातली झुडुपेही डीएसच. म्हणजे दख्खनच्या माळाची गणना या ग्रंथात होते ती मोडलेले अरण्य म्हणून. मूळ वन तुटले, जळले, चरले गेले आणि हे शिल्लक उरले, असा निवाडा त्या दोन अक्षरांत आधीच दिलेला असतो. निवाड्यामागे फ्रेडरिक क्लेमेंट्स या अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञाचा १९१६चा सिद्धांत उभा आहे, की प्रत्येक हवामानाची एकच चरमावस्था असते आणि बाकी साऱ्या अवस्था तिच्या वाटेवरच्या किंवा तिच्यापासून घसरलेल्या असतात. गंमत अशी, की चॅम्पियन यांच्या ग्रंथाच्या आदल्याच वर्षी, १९३५ साली, आर्थर टॅन्सली यांनी क्लेमेंट्सच्या विचारसरणीवर हल्ला चढविणारा निबंध लिहिला, आणि ‘परिसंस्था’ ही कल्पना प्रथम छापून आली ती त्याच निबंधात. शास्त्र एका वाटेने निघाले होते, दप्तर दुसऱ्या.

डीएस हा शेरा केवळ पुस्तकी राहिला असता तर त्याची दखल घेण्याचे कारण नव्हते. गेल्या पावसाळ्याच्या अखेरीस बारामती-इंदापूरच्या टापूतील एका माळावर मी एका वनरक्षकाबरोबर हिंडत होतो. उतारावर ओळीने सलग समतल चर खोदलेले होते, चरांच्या भरावावर गिरीपुष्पाची रोपे लावलेली होती, आणि त्यांतली बरीचशी काटक्या होऊन उभी होती. मी एका चरात उतरून बसलो, तेव्हा कापलेल्या भिंतीत जमिनीचे सगळे प्रकरण उघडे पडलेले दिसले: वर वीतभर तांबूस-करडी माती, तिच्यात गवताच्या मुळांचे घट्ट जाळे, त्याखाली मुरूम, आणि गुडघ्याच्या खोलीवर फुटका काळा पाषाण. पाऊस वर्षाला पाचशे मिलिमीटरच्या आसपास. ज्या भरावावर मुरूम उपसून टाकला होता तेथे गवत उगवलेच नव्हते. दोन चरांमधल्या अस्पर्श पट्ट्यात मात्र शेडा, पवन्या, मारवेल आणि कुसळी गुडघाभर वाढून निसवली होती, मधूनमधून तरवडाची पिवळी फुले होती, एक हिवर होता, बोरीची जाळी होती. वनरक्षकाने खाली बसून बोटांनी माती बाजूला केली आणि एक इवलासा कंद दाखविला. पहिल्या सरीबरोबर याला फूल येते आणि महिनाभरात सारा कारभार आटोपून हा पुन्हा जमिनीखाली जातो, असे तो म्हणाला. मेंढरे घेऊन आलेला एक वृद्ध धनगर जवळ उभा होता. वनरक्षकाने त्याला विचारले, “तात्या, ह्यो माळ तुमच्या लहानपणी कसा हुता?” “असाच की,” तो म्हणाला. “हितं गवात येतं. झाड वगळीत बघावं.”

तात्यांचे म्हणणे एका पिढीपुरते झाले, असे कोणी म्हणेल. आशिष नेर्लेकर आणि दिग्विजय पाटील या अभ्यासकांनी मात्र ते सात-साडेसात शतके मागे नेले आहे. तेराव्या शतकापासूनच्या मराठी कथा-आख्यायिका, ओव्या आणि लोकगीते यांत आलेल्या चव्वेचाळीस वन्य वनस्पतींचा त्यांनी ठावठिकाणा लावला आणि २०२५ साली निष्कर्ष प्रसिद्ध केला, की त्यांतील बहुसंख्य वनस्पती उघड्या, गवताळ, काटेरी मुलुखाच्याच आहेत. इंग्रजी अमदानीच्या कितीतरी आधी, ज्ञानदेवांच्या काळीही, पश्चिम महाराष्ट्राचा हा भाग माळच होता. जे पूर्वी अरण्य नव्हते ते अवनत अरण्य कसे असेल? या माळावर उन्हाशिवाय न जगणारी गवते आहेत, त्या गवतांवर काळवीट आहे, लांडगा आहे, धाविक आहे, तणमोर आहे. तेथे दाट सावली पाडणारी झाडे लावली तर आधी गवत मरते, मग बाकीचे निघून जातात. तरीही २०१७ ते २०१९ या तीन वर्षांत राज्यात अनुक्रमे चार, तेरा आणि तेहतीस कोटी, असा पन्नास कोटी रोपांचा संकल्प झाला, तेव्हा मोकळी जागा म्हणून सर्वांत आधी नजर गेली ती अशाच माळाकडे. कारण दप्तराच्या लेखी तेथे काही नसते.

हेच काम दुसऱ्या कोणी दुसऱ्या रीतीने केले आहे काय, याचा शोध घेताना मला कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावरील ब्रिटिश कोलंबिया प्रांताची पद्धत सर्वांत उद्बोधक वाटली. तिचा जनक व्लादिमिर क्रायिना हा मोराव्हियात जन्मलेला चेक वनस्पतिशास्त्रज्ञ. दुसऱ्या महायुद्धात नाझींविरुद्धच्या गुप्त संघटनेत तो अग्रभागी होता, १९४३ साली गेस्टापोच्या हाती सापडला, वाचला, आणि १९४८ साली साम्यवाद्यांनी सत्ता बळकावल्यावर देश सोडून पुढल्या वर्षी व्हँकूवरच्या विद्यापीठात दाखल झाला. विद्यार्थ्यांना घेऊन त्याने त्या अवाढव्य प्रांताची रानामागून राने पालथी घातली, आणि १९७५च्या सुमारास प्रांताच्या वनखात्याने त्याची पद्धत आपली म्हणून स्वीकारली. हवामानावरून ठरणारे सोळा पट्टे, पट्ट्यांचे उपपट्टे आणि उपपट्ट्यांत एकेका स्थळाचा प्रकार अशी तिची उतरंड आहे. पण तिचे मर्म या उतरंडीत नाही. ते आहे वनाधिकाऱ्याच्या हातातल्या फावड्यात.

तो अधिकारी रानात जातो तेव्हा आज तेथे कोणती झाडे उभी आहेत, हा त्याचा पहिला प्रश्न नसतो. झाडे तोडलेली असतील, जळलेली असतील, पुन्हा लावलेली असतील. जमीन तीच राहते. तो खड्डा घेतो. उताराच्या माथ्यावर आहोत की पायथ्याशी, हे पाहतो. ओली माती तळहातावर मळून तिची वळी होते की चुरा, हे आजमावतो, आणि गाळ किती व वाळू किती हे कळत नसेल तर चिमूटभर दातांखाली धरतो. मग पायाशी वाढलेल्या बारीकसारीक वनस्पती मोजतो: सलाल दिसले तर जमीन सहसा कोरडी आणि निकस, डेव्हिल्स क्लब हे काटेरी पानांचे झुडूप दिसले तर ओल आणि कस दोन्ही भरपूर, स्कंक कॅबेज दिसली तर पाणी साचलेले. ओलीच्या पायऱ्या उभ्या आणि कसाच्या पायऱ्या आडव्या, असा एक चौकटींचा तक्ता त्याच्यापाशी असतो. त्या तक्त्यातल्या ज्या घरात स्थळ बसेल त्यावरून तेथे कोणती झाडे लावायची, किती लावायची, यंत्रे घालायची की नाही, हे ठरते, आणि तोडीचा परवाना घेणाऱ्या कंपनीवर ते कायद्याने बंधनकारक असते. मुख्य गोष्ट म्हणजे त्या सोळा पट्ट्यांत एक पट्टा झुबकेदार गवतांचा आहे. इतर पंधरांच्या बरोबरीने तो मांडला आहे. कोणाचा अवशेष म्हणून त्याची गणना होत नाही. ही पद्धत निर्दोष आहे असे नाही. हवामानच सरकू लागल्यावर हवामानावर आधारलेल्या पट्ट्यांचे काय करायचे, या पेचात तेथील शास्त्रज्ञ आज पडलेले आहेत. पण त्या तक्त्यात माती आहे, म्हणून पेच सोडविण्याला आधार तरी आहे.

हे सारे परदेशी वैभव आपल्याला परवडायचे नाही, असे म्हणण्याचा मोह होतो. परंतु इंदापुरी प्रतबंदी आणि हे फावडे यांत तत्त्वाचा फरक मला दिसत नाही. आणि पूर्व विदर्भात तर लोकांच्या तोंडी आयता तक्ताच आहे. भंडारा-चांद्याकडील धानाचा शेतकरी जमिनीला कन्हार, मोरंड, सिहार, खरडी, बरडी अशी नावे देतो, आणि जुन्या बंदोबस्ताच्या अहवालांनीही ती जशीच्या तशी उचलली. त्याच शेतकऱ्याला रानातही न्या: खडकाळ माथ्यावर सालई, उथळ दगडाळ उतारावर धावडा, निचऱ्याच्या खोल जमिनीत साग, चिकणमातीच्या सखलात ऐन, पाणी धरून ठेवणाऱ्या भारी जमिनीत पळस, नाल्याकाठी अर्जुन. सागाची रोपे पळसाच्या चिबड जमिनीत लावू नयेत, हे त्याला सांगावे लागत नाही. क्रायिनाने जे शास्त्र म्हणून बांधले ते येथे व्यवहार म्हणून नांदत होते. नोंदवहीत मात्र ते उतरले नाही.

नोंदवहीत काय उतरले, त्याचे झुडपी जंगल हे ठळक उदाहरण. १९५१ साली, विदर्भ तेव्हा ज्यात होता त्या मध्य प्रदेशातील मालगुजारी नष्ट झाली तेव्हा मालगुजारांकडील गावोगावच्या पडीक व रानजमिनी सरकारजमा झाल्या, आणि जळण, चराई, कुंपणाचे काटे अशा निस्ताराच्या हक्कांसह ‘मोठ्या झाडांचे जंगल’, ‘लहान झाडांचे जंगल’, ‘झुडपी जंगल’ अशा शेऱ्यांनी त्या नोंदल्या गेल्या. १९५६ साली विदर्भ मुंबई राज्यात आला, त्याबरोबर हे शेरेही आले. नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या सहा जिल्ह्यांत त्यांवर वस्त्या झाल्या, शासकीय इमारती उठल्या, स्मशानभूमी झाल्या, काही ठिकाणी खरेच रान राहिले. मग १२ डिसेंबर १९९६ रोजी गोदावर्मन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की शब्दकोशातल्या अर्थाने जे वन ते वनच, आणि सरकारी दप्तरात ज्याची वन म्हणून नोंद आहे तेही वनच, मालकी कोणाचीही असो. निकाल वृक्षतोडीला लगाम घालणारा होता आणि त्याने देशातली पुष्कळ राने वाचविली. पण झुडपी जंगल या नोंदीला जंगल समजायचे की नाही, यावर पुढली पंचवीस-तीस वर्षे वाद चालला. २२ मे २०२५ रोजी न्यायालयाने त्याचा निर्णय दिला: १९९६च्या आदेशाप्रमाणे ही वनजमीनच होय, मात्र १९९६पूर्वी सक्षम अधिकाऱ्याने ज्यांचे वाटप केले त्या जमिनींपुरती राज्याने केंद्राकडून मान्यता घ्यावी. वादातली जमीन सुमारे ८६ हजार हेक्टर.

न्यायालयापुढे जे कागद आले त्यांच्या आधारे याहून वेगळा निर्णय होणे कठीणच होते. पण सगळ्या वादात एक प्रश्न कोणी फारसा विचारलेला दिसत नाही, की त्या त्या तुकड्यावर आहे तरी काय. बरडीवरचे नैसर्गिक गवत-झुडूप, तुटलेल्या सागवनाचे फुटवे, तलावाच्या काठची ओल धरणारी दाटी, की निव्वळ उकिरडा? प्रत्येकाची व्यवस्था वेगळी असायला हवी. उपग्रहही हे सांगत नाही. भारतीय वन सर्वेक्षण १९८७पासून दर दोन वर्षांनी वनाच्छादनाचा अहवाल काढते, आणि त्याच्या व्याख्येत एक हेक्टरहून मोठ्या ज्या जमिनीवर झाडांची छाया दहा टक्क्यांहून अधिक ती सारी वनाच्छादित, मग ती आमराई असो की रबराचा मळा. त्याहून कमी छाया असेल तर ‘झुडुपी’. २०२१च्या अहवालात महाराष्ट्राचे वनाच्छादन ५०,७९८ चौरस किलोमीटर, राज्याच्या साडेसोळा टक्के, दिलेले आहे. छायेचे मोजमाप म्हणून हा आकडा उपयुक्त आहे. माळाची प्रकृती उत्तम आहे की तो मरणपंथाला लागला आहे, हे त्यावरून कळायचे नाही, कारण दोन्ही प्रसंगी उत्तर शून्याच्या आसपासच येते.

वर्गीकरण नीट झाले की सारे सुरळीत होईल, असेही मला म्हणायचे नाही. माळढोकासाठी १९७९ साली सोलापूर-नगर भागात अभयारण्य जाहीर झाले तेव्हा माळाला माळ म्हणून प्रथमच मान मिळाला खरा, परंतु ८,४९६ चौरस किलोमीटरच्या त्या रेघेत शेते, गावे, शहरे सगळीच आली; खरेदी-विक्रीचे व्यवहार अडले, लोक पक्ष्यावर रुष्ट झाले, आणि अनेक वर्षांनंतर हद्द आखडून सुमारे बाराशे चौरस किलोमीटरवर आणावी लागली. तोवर माळढोक जवळजवळ गेलाच होता. रेघ खालून, जमीन पाहत पाहत ओढली असती तर ती इतकी लांब गेली नसती, आणि कदाचित योग्य ठिकाणी टिकली असती.

आता विदर्भातील झुडपी जंगलाच्या तुकड्यांची छाननी जिल्ह्याजिल्ह्यांत व्हायचीच आहे. तलाठी, वनपाल आणि भूमापक जागेवर जातील, गट क्रमांक पडताळतील, अतिक्रमणे टिपतील, पंचनाम्यावर गावच्या चार माणसांच्या सह्या घेतील. त्याच फेरीत, त्याच चार माणसांना विचारून, मातीचा प्रकार, तिची खोली आणि तुकड्यावरच्या गवता-झुडुपांची नावे लिहून घेता येतील. त्यासाठी कायदा बदलावा लागत नाही. एक परिपत्रक पुरे, आणि परिपत्रके काढण्याच्या कामी आपले शासन कधी मागे राहिल्याचे ऐकिवात नाही.